बॅटरीचं गाव कोणतं?

साताऱ्यात कुणालाही विचारा, मोबाईलची बॅटरी चांगली कुठं बदलून मिळेल? दुकानाचं नाव कुणी सांगणार नाही. माणूस सांगतील. "कोरेगावच्या सरांचा धाकटा आहे बघा, मोती चौकातनं आत बसतो. हात चांगलाय त्याचा. माझं नाव सांगा." दुकानावर पाटी असते, पण ती वाचायची नसते, कारण ती आधीच्या झेरॉक्सवाल्याची असते. मग खूण काय? तर पेढ्याच्या दुकानाशेजारचा बोळ. राजवाडा ते मोती चौक या टापूत पेढ्याचं दुकान शेजारी नसलेला बोळ सापडणं अवघड, त्यामुळे माणूस बॅटरी बदलायला निघतो आणि पाव किलो कंदी पेढे घेऊन घरी येतो. फोन तसाच.

सांगलीत पत्ता सांगायची पद्धतच नाही. "तुमास्नी सापडायचं न्हाय," म्हणत मेहुणा आपल्याला गाडीवर मागं बसवतो आणि हरभट रोडच्या गर्दीतून थेट काउंटरला नेऊन उभा करतो. वर दुकानदाराला प्रेमळ दम: "आमचे दाजी हायेत. साताऱ्याहून आलेत. चांगली बॅटरी घाल, लेका." दुकानदार "व्हय की" म्हणतो, चहा सांगतो, न मागता पन्नास रुपये कमी करतो. एवढा पाहुणचार झाल्यावर त्यानं ड्रॉवरमधून काढलेली बॅटरी हातात घेऊन उलटीपालटी करून बघायची म्हणजे मेहुण्याची मान खाली घालायची. त्यापेक्षा चहा संपवलेला बरा.

आमच्या या पट्ट्यातले सगळे व्यवहार ओळखीवर चालतात आणि त्यात वावगं काही नाही. ऊस कुणाच्या ट्रॅक्टरनं न्यायचा इथपासून पोरीला कुठल्या घरात द्यायचं इथपर्यंत ओळखच उपयोगी पडते. बॅटरीच्या बाबतीत मात्र गोची होते. आपण दुकानदाराचं गाव विचारतो, तालुका विचारतो, मामा कोण ते काढतो, शेवटी कुठल्या तरी पै-पाहुण्यात त्याला बसवतो आणि निर्धास्त होतो. जी वस्तू पुढची दोन वर्षं छातीवरच्या खिशात घालून हिंडायचं, तिचं गाव कोणी विचारत नाही. जन्मतारीख तर नाहीच नाही.

वस्तू साधी नाही. हल्लीच्या बऱ्याच फोनांत पाच हजार एमएएचची बॅटरी असते. तिच्यात साधारण 19 वॉट-अवर ऊर्जा मावते, म्हणजे नऊ वॉटचा एलईडी बल्ब दोन तास लागेल एवढी. तीही तळहातावर मावणाऱ्या चपट्या पुडीत, आणि आतला द्रव पेट घेणारा. सोनीनं 1991 मध्ये ही लिथियम-आयन जातीची बॅटरी पहिल्यांदा बाजारात आणली आणि ऑक्टोबर 2019 मध्ये तिच्या तिघा जनकांना रसायनशास्त्राचं नोबेल जाहीर झालं. त्याआधी दोनच महिने, ऑगस्टात, आयर्विन पुलाशी कृष्णेचं पाणी 57 फुटांवर गेलं होतं. अर्ध्या सांगलीत पाणी, वीज गेलेली, आणि माडीवर अडकलेल्या माणसांच्या हातात नोबेलवाल्यांचा शोध बारा टक्क्यांवर आलेला. या बॅटरीची किंमत स्वीडनच्या समितीपेक्षा सांगलीकराला आधी कळली होती.

पुराचा विषय निघालाच आहे तर सांगून ठेवतो. पूर ओसरला की भिजलेला माल स्वस्तात निघतो. साडी वाळते, स्टीलचा डबा घासून निघतो. बॅटरी एकदा पाण्यात राहिली की ती वाळवून वापरायची वस्तू नव्हे, आणि तांदळाच्या डब्यात ठेवूनही ती बरी होत नाही. फार तर तांदूळ वाया जातो.

मुळात बॅटरी बदलायची वेळ येते ती आपल्याच कर्तृत्वानं. फोन शून्यापर्यंत उतरवून पुन्हा शंभर टक्के भरला की एक फेरी. अर्धा-अर्धा दोनदा भरला तरी एकच. जुन्या आयफोनांबद्दल ॲपल सांगते की पाचशे फेऱ्यांनंतर बॅटरीची ऐंशी टक्के ताकद उरावी. पंधरा नंबरच्या आयफोनापासून हजार फेऱ्यांचा हिशेब धरलाय. पण हा हिशेब करताना कंपनीनं तासगावचा द्राक्षबागायतदार डोळ्यासमोर धरलेला नाही. मे महिन्यात औषध मारताना त्याचा फोन ट्रॅक्टरच्या बॉनेटवर असतो. कंपनी म्हणते, फोन 0 ते 35 अंशांत वापरा. जत-आटपाडीत 35 अंश हा सकाळी नाष्ट्याच्या वेळचा आकडा आहे. रात्री थ्री फेज येते, म्हणून मोटार चालू-बंद करायला मोबाईल स्टार्टर बसवलेला. त्यासाठी फोन जागा, मालक जागा, आणि फोन उशीखाली चार्जिंगला. उष्णतेनं बॅटरी जेवढी खंगते तेवढी बाकी कशानंच नाही. उशीखाली ती उष्णता रात्रभर कोंडून ठेवायची आणि सकाळी म्हणायचं, "चायना माल, दुसरं काय!"

अर्थात सगळा दोष बॅटरीचा असतोच असं नाही. "चार्जिंगच घेत नाही, बॅटरी गेली" म्हणून येणाऱ्या फोनाला चांगला मेकॅनिक आधी बंद करतो, दिव्याखाली धरतो आणि चार्जिंगच्या भोकात प्लास्टिकची बारीक काडी घालतो. मग तिथून जे निघतं ते बघण्यासारखं असतं. आधी सदऱ्याच्या खिशातले धागे, मग तंबाखूचा चुरा, मग चुन्याचा वाळका खडा. मालक जरा संकोचतो, कारण बायको बरोबर आलेली असते आणि तंबाखू गेल्या आषाढीला सोडलेली असते. पिन बसते, चार्जिंग सुरू होतं. असा मेकॅनिक दहा-वीस रुपये घेतो किंवा काहीच घेत नाही. तो जिथं बसतो ते दुकान नीट लक्षात ठेवा, बॅटरी बदलायला तिथंच जायचंय. ज्यानं काडी न घालताच "बॅटरी टाकावी लागेल" म्हटलं, त्याच्याकडं पुन्हा जायचं नाही, मग तो कोरेगावच्या सरांचा पोरगा का असेना.

बॅटरी खरोखर गेली हे ओळखायच्या खुणा सगळ्यांना ठाऊक असतात. फोन चाळीस टक्क्यांवरून एकदम बंद पडतो, चार्जर लावला की पुन्हा चाळीस दाखवतो. आणि सगळ्यात ठळक खूण म्हणजे फुगणं. आत वायू धरतो, पुडी फुगते, मागचं झाकण उचललं जातं, कधी स्क्रीनच्या कडेनं फट पडते. फोन टेबलावर ठेवून बोटानं ढकलला की गरकन फिरतो. बॅटरी बाहेर काढता येत होती त्या काळी दुकानदार तिला काचेवर अशीच फिरवून निकाल द्यायचे.

फुगलेल्या बॅटरीवर आमच्याकडचा पहिला उपचार म्हणजे रबरबँड. दुसरा सेलोटेप. "बसतीय की अजून!" असं म्हणत वडीलधारी मंडळी झाकण अंगठ्यानं दाबतात. दाबू नका म्हटलं तर ऐकत नाहीत, कारण त्यांच्या पिढीनं बॅटऱ्यांवर बरंच संशोधन केलेलं आहे. रेडिओचे सेल उतरले की गच्चीवर उन्हात वाळत घालायचे. तेवढ्यानं भागलं नाही तर दातानं चावायचे. त्या जुन्या सेलांना याचा थोडाफार गुण यायचाही. बातम्या संपेपर्यंत रेडिओ चालायचा. तेच शास्त्र आता पुढं नेऊन एक काका फोन फ्रिजमध्ये ठेवतात, बॅटरी "थंड होऊन बसावी" म्हणून. बाहेर काढल्यावर आत दव धरतं ते वेगळंच. चावण्याबद्दल बोलायचं तर 2018 च्या जानेवारीत चीनमध्ये एका गिऱ्हाइकानं बॅटरी खरी की खोटी हे बघायला दुकानातच ती दातानं चावली. दुकानाच्या कॅमेऱ्यात जाळ दिसतो. माणूस वाचला. सोनं चावून बघणाऱ्यांनी एवढी एक वस्तू सोडावी.

कंपनीचा माल म्हणजे निर्धोक, असंही डोळे झाकून म्हणायची सोय नाही. 2007 च्या ऑगस्टात नोकियानं आपल्या बीएल-5सी बॅटऱ्यांपैकी 4 कोटी 60 लाख बॅटऱ्यांबद्दल इशारा दिला होता. बॅटरीवरचा 26 अक्षरा-आकड्यांचा नंबर तपासा, यादीत बसला तर बदलून देऊ. त्या पावसाळ्यात देशभर लोक फोन बंद करून, मागचं झाकण काढून, भिंगानं नंबर वाचत होते. घरातला एक जण वाचायचा, दुसरा कागदावर लिहायचा, आणि "बी की आठ?" यावर भांडण व्हायचं. पुढं 2016 मध्ये सॅमसंगला गॅलक्सी नोट 7 हा अख्खा फोनच बाजारातून मागं घ्यावा लागला. आधी बॅटरीत दोष म्हणून बदलून दिले, तर बदलून दिलेल्यांतलेही पेटले. पण दोन्ही वेळा एक गोष्ट झाली. कंपनीनं नंबर सांगितला, माल परत घेतला, पैसे मोजले. बोळातल्या बॅटरीला नंबरच नसेल तर परत कोण बोलावणार?

तर मग जायचं कुठं? कागदावरचं उत्तर सरळ आहे. फोन चालू मॉडेलचा असेल तर कंपनीच्या अधिकृत सर्व्हिस सेंटरला. कंपनीच्या संकेतस्थळावर पिनकोड टाकला, साताऱ्याला 415001, सांगलीला 416416, की जवळचं केंद्र कुठं ते दिसतं. पाटीवर मोठ्या कंपनीचं नाव रंगवलंय एवढ्यावर जाऊ नका. रंगाऱ्याला कुणीही बोलावू शकतो.

सर्व्हिस सेंटरमध्ये आमच्या माणसाची मोठी पंचाईत होते. तिथं टोकन घ्यावं लागतं. काचेमागची मुलगी नाव विचारते, गाव विचारत नाही. "मॅडम, तुम्ही कुठल्या?" असं आपणच विचारलं तरी ती "आयएमईआय सांगा" म्हणते. भाव ठरलेला, त्यात पन्नासही कमी नाहीत. "डेटा गेल्यास आम्ही जबाबदार नाही" या कागदावर सही. आणि मग ते वाक्य: "पार्ट स्टॉकला नाही. पुण्याहून येईल. चार-पाच दिवस फोन ठेवून जा."

चार-पाच दिवस! साताऱ्याजवळ आपशिंगे मिलिटरी नावाचं गाव आहे. नावातच मिलिटरी, कारण घरटी माणूस फौजेत. अशा गावातल्या बापाचा पोरगा लडाखात असतो आणि रात्री आठच्या सुमाराला, जमलं तर, फोन करतो. त्या बापाला "फोन ठेवून जा" म्हणून बघा. तो फोन उचलतो, टोकन काचेवर ठेवतो आणि पोवई नाक्याकडं चालू लागतो. त्याचं काही चुकतं असं मला वाटत नाही. मात्र पार्ट आल्यावरच फोन आणून देतो, तोवर मागवून ठेवा, असं म्हणता येतं आणि पुष्कळ ठिकाणी ते ऐकतातही. आपण म्हणत नाही. काचेपुढं आपला आवाज बसतो.

फोन जुना असला तर कंपनीच पार्ट बंद करते, आणि मग गावातल्या मेकॅनिकशिवाय वाली नाही. तिथं एक खास भाषा चालते. "ओरिजिनल आहे का?" असं विचारलं की उत्तर येतं, "ओरिजिनल पण आहे." या 'पण'कडं लक्ष द्यायचं. ओरिजिनल, त्याखाली ओजी, त्याखाली कॉपी, आणि सगळ्यात खाली "चालते, काही तक्रार नाही." भाव चौदाशेपासून साडेचारशेपर्यंत उतरत जातो आणि प्रत्येक पायरीवर मेकॅनिक म्हणतो, "मी माझ्या फोनात हीच घातलीय." एका माणसाच्या एका फोनात चार बॅटऱ्या.

इथं स्थळ बघायला गेल्यासारखं बसावं आणि चौकशी मुलाकडच्यांची न करता बॅटरीची करावी. बॅटरी हातात घ्या. लेबलवर उत्पादनाची तारीख असते, ती वाचा. ही जात न वापरता कपाटात पडून राहिली तरी म्हातारी होते. तीन-चार वर्षं ड्रॉवरमध्ये काढलेली बॅटरी 'नवी कोरी' म्हणून घ्यायची नाही. आपल्याकडं मोबाईलच्या बॅटरीला भारतीय मानक ब्यूरोची नोंदणी सक्तीची आहे. मानकाचा क्रमांक आयएस 16046, आणि शिक्क्यासोबत आर या अक्षरापुढं आठ आकडे असतात. हाच बॅटरीचा पत्ता. ब्यूरोचं बीआयएस केअर नावाचं मोफत ॲप आहे, त्यात तो आर नंबर टाकला की बनवणाऱ्याचं नाव निघतं. छापलेला नंबर भलत्याच मालाचा, पार चार्जरचा किंवा दिव्याचा निघाला, तर नमस्कार करून उठायचं. फोन कंपनीनं मुळात चार हजाराची बॅटरी दिली असताना तेवढ्याच आकाराची बॅटरी सहा हजार एमएएच म्हणवत असेल, तर तो आकडा छापखान्यात वाढलेला आहे.

मग हात बघायचा. हात खरंच चांगला असेल तर तो लगेच कळतो. फोन चार्जिंग उतरवून आणा, पंचवीस टक्क्यांच्या खाली, असं तो स्वतःच सांगतो, कारण भरलेली बॅटरी बिघडली तर जास्त भडकते. फोन आधी बंद करतो. कडा गरम करून डिंक सैल करतो. त्यासाठी बेताचं गरम करायचं मशीन असतं, हीट गन एकाच जागी रोखून धरत नाही. प्लास्टिकची चपटी पट्टी किंवा जुनं एटीएम कार्ड फिरवून झाकण उचलतो. स्क्रू चुंबकाच्या पाटीवर ज्या क्रमानं काढले त्याच क्रमानं मांडतो. सगळ्यात आधी बॅटरीचा कनेक्टर सोडवतो. बॅटरी खाली डिंकानं घट्ट चिकटलेली असते. तिथं तो दोन थेंब आयपीए सोडतो, म्हणजे बोर्ड पुसायचं ते स्पिरिट, आणि थांबतो. थांबणं हीच त्यातली कला. ज्याला थांबता येत नाही तो लोखंडी स्क्रूड्रायव्हर खाली घालून उचकटतो. बॅटरीला भोक पडलं तर काय होतं हे चीनमधल्या त्या दातवाल्याला विचारा. चांगल्या मेकॅनिकच्या टेबलाखाली वाळूचा डबा दिसतो. चहाच्या टपरीवरून "अर्ध्या तासानं या" म्हणणाऱ्यापेक्षा "बसा, समोर करतो" म्हणणारा बरा. झाकण परत लावताना पाण्यापासून वाचवणारी डिंकाची कड पहिल्यासारखी राहत नाही, हेही प्रामाणिक माणूस आधी सांगतो. तेव्हा बॅटरी बदललेला फोन घेऊन कासच्या पावसात व्हिडिओ काढायला जाऊ नये.

आणि पॅटर्न. बॅटरी बदलायला फोनाचा पासवर्ड लागत नाही. तरी "पॅटर्न काय आहे?" असं विचारलं की आमचा माणूस भर दुकानात बोटानं हवेत इंग्रजी एल काढून दाखवतो, आणि मागं उभ्या असलेल्या पाच जणांना त्याच्या बँकेची, बायकोच्या फोटोंची आणि भावकीच्या ग्रुपची वाट मोकळी होते. चालू करून दाखवायला आपण स्वतः उघडून द्यावा. नव्या फोनांत दुरुस्तीला देताना खासगी माल झाकून ठेवायची सोयही असते, सॅमसंगमध्ये तिला मेंटेनन्स मोड म्हणतात.

आयफोनवाल्यांचं दुःख निराळं. 2018 मध्ये आलेल्या एक्सएस-एक्सआरपासून पुढच्या फोनात बाहेरची बॅटरी घातली की फोन स्वतःच सांगतो, हा पार्ट ओळखीचा नाही. म्हणजे ओळख बघायची सवय फोनालाही लागली. बाकी त्या कंपनीनं तरी साधूसारखं बोलू नये. जुन्या बॅटरीचे आयफोन आपणच हळू करतो, हे तिनं 2017 च्या डिसेंबरात बोभाटा झाल्यावर कबूल केलं आणि मग वर्षभर स्वस्तात बॅटऱ्या बदलून दिल्या.

शेवटी बिल. "बिल कशाला? मी आहे की!" ही आमच्याकडची सगळ्यात भारदस्त गॅरंटी. तिची मुदत तो असेपर्यंत. चार महिन्यांनी बॅटरी फुगते, आपण जातो, तर तो चाकणला कंपनीत लागलेला असतो आणि दुकानात त्याचा चुलतभाऊ कव्हर विकत असतो. कागदावर बॅटरीचा आर नंबर, तारीख आणि किती महिन्यांची हमी एवढं लिहून घ्या. बिल न देणं 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे, आणि बिल असेल तर 1915 या राष्ट्रीय हेल्पलाईनला फोन करता येतो, साताऱ्यात आणि सांगलीत जिल्हा ग्राहक आयोगही बसतो. 'मी आहे की' हा पुरावा तिथं चालत नाही.

युरोपनं कायदाच केलाय. 18 फेब्रुवारी 2027 पासून तिथं फोनची बॅटरी गिऱ्हाइकाला घरच्या घरी बदलता यावी असा नियम लागू व्हायचाय, अर्थात त्यालाही सवलतीच्या पळवाटा आहेत. आपल्या सरकारनं डिसेंबर 2022 मध्ये दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल काढलं, त्यावर कंपन्यांची दुरुस्तीची माहिती मिळते. झाकण नखानं उघडून बॅटरी काढायची, फुंकर मारून परत घालायची, हे नोकियाच्या काळात आमचं पाचवीतलं पोरगं करत होतं. तेवढ्यासाठी आता कायदे लागतात.

ज्यांच्या फोनाची पाठ आत्ता उचललेली आहे त्यांनी आज रात्री तो चार्जिंगला लावू नये, उशाशी घेऊ नये, दाबू नये. बंद करून गादी-कागदांपासून लांब, फरशीवर ठेवावा आणि उद्या बदलून घ्यावा. जुनी बॅटरी घंटागाडीत टाकू नका, दुकानातच परत द्या. दुकानं अकराच्या आत उघडत नाहीत. ओळख असली तरी साडेनऊला जाऊन शटर वाजवू नका.